वस्तीचे मास्तर

मास्तर गेल्याला आता वर्ष होत आलं. गावात त्यांचा विषय निघाला की प्रत्येकाकडं सांगायला काहीतरी असतं. मी तेवढा गप्प बसतो. तसा मी बोलका नाहीच. ग्रामसेवकानं कमी बोललेलं बरं असतं, आणि ही सवय हळूहळू घरातही लागते. पण मास्तरांच्या बाबतीत गप्प बसायचं कारण वेगळं आहे. ते एकदा सांगून टाकावं म्हणूनच लिहायला बसलोय. आधी मास्तर कसे होते ते सांगतो, कारण सांगण्यासारखे ते होते, मी नव्हे.

ते शिक्षक नव्हते, एस.टी.चे कंडक्टर होते. आमच्या भागात कंडक्टरला मास्तर म्हणतात हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण मी या गावात बदलून आलो तेव्हा ते निवृत्त झालेले. अंगात पांढरा सदरा, खिशाला पेन, आणि लहानथोर सगळे ‘मास्तर, मास्तर’ करणारे. माझा समज झाला की हे शाळेतून निवृत्त झालेले गुरुजी. पंधरा ऑगस्टला मी माईकवरून जाहीरच करून टाकलं, “आता आपले ज्येष्ठ शिक्षक मुलांना दोन शब्द सांगतील.” कुणी मला अडवलं नाही. त्या गावाला अशा गमती लागतात. मास्तर शांतपणे उठले, माईक हातात घेतला आणि म्हणाले, “पोरांनो, हात खिडकीच्या भायेर काढू नगा. आन् झोप येत आसली तर शेजारच्याला सांगून झोपा, तुमचं ठिकाण आलं की त्यो उठवंल. एवढंच.” आणि बसले. टाळ्या थांबेनात. हेडमास्तर नंतर मला बाजूला घेऊन म्हणाले, “भाऊसाहेब, इतकं कामाचं भाषण या शाळेत पहिल्यांदा झालं.”

ते उभे राहायचे ते पाय फाकवून, गुडघ्यात किंचित वाकून. जमीन कधीही वळण घेईल असं. बोलता बोलता कुठल्या तरी खांबाला, चौकटीला एक हात धरलेला. भेटेल त्याला ‘राम राम’च्या आधी विचारायचे, “कुठं?” रानात निघालेल्याला कुठं, लग्नाला निघालेल्याला कुठं, हातात डबा घेऊन सकाळी बांधाकडं निघालेल्यालाही कुठं. तो बिचारा म्हणायचा, “मास्तर, आता हे काय इचारनं झालं का?” मास्तर मान डोलवायचे, जणू तिकीट फाडून दिलं. माझ्या ऑफिसात आले की टेबलावर बोटानं एकदा टक् करायचे. मी मान वर केली की काम सांगायचे. काम झालं की जाताना चौकटीवर दोनदा. त्यावर दारातलं कुत्रंसुद्धा उठून बाजूला व्हायचं.

गाव सातारा जिल्ह्याच्या अगदी कडेला, डोंगरात. पलीकडं सांगली जिल्हा लागतो. जिल्ह्याच्या ठिकाणापेक्षा इस्लामपूर जवळ पडतं, म्हणून गाडीही तिकडूनच यायची. संध्याकाळी यायची, गावात मुक्काम करायची, पहाटे परत निघायची. असल्या गाडीला आमच्याकडं वस्तीची गाडी म्हणतात. डेपोत ही ड्युटी कुणालाच नको असायची. डास, थंडी, फोनला रेंज नाही. मास्तरांनी ती मागून घेतली, आणि पुढं ती त्यांचीच झाली. ड्रायव्हर बदलत राहिले. ड्रायव्हर लोक गाडीतच झोपायचे. मास्तरांसाठी गावानं स्टँडजवळ ग्रामपंचायतीच्या जागेत एक खोली बांधून दिली होती. जेवण तानूआक्काकडं. तानूआक्का म्हणजे स्टँडसमोरच्या घरातली म्हातारी. भाकरी थापताना ती अजूनही एक जास्तीची थापते.

त्या गाडीतून त्यांनी गावाचं काय काय वाहिलं त्याला हिशेब नाही. इस्लामपूरहून औषधं, शाळेचे दाखले, शिंप्याकडून नवरीचा ब्लाउज. तोही दोनदा, कारण पहिला घट्ट झाला होता आणि हे सांगायचा निरोपही मास्तरांनीच नेला होता. सरपंचांच्या आईची कवळी दवाखान्यातून आणली ती रुमालात बांधून, घाटभर हातात धरून. गाडी थांबल्यावर दारातूनच ओरडले, “आजे, तुजं दात आलं! आता बोल काय बोलायचं ते!”

बायको लवकर गेली. एकच मुलगी, लोणंदला दिली. निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी मास्तर त्याच गाडीनं आले, पण पाशिंजर होऊन, तिकीट काढून, एक ट्रंक घेऊन. तानूआक्कानं विचारलं, “मास्तर, आज डूटी न्हाई, मग?” ते म्हणाले, “डूटी न्हाई म्हंजी काय झोप न्हाई का मला?” आणि खोलीचं कुलूप काढलं. मुलगी दिवाळीला लोणंदला न्यायची. चार दिवसांत परत. “लेकीच्या घरात पाव्हना म्हणून लय ग्वाड लागतं,” म्हणायचे. “ऱ्हायला लागलो की ती मीठ इचारून घालायला लागती. मग जेवान आळणी हुतं.”

नंतर वस्तीची गाडी बंद झाली. गावात आता वडाप येतं, म्हणजे माणसं कोंबून नेणारी जीप. वडापवाला कुणासाठी थांबत नाही. मास्तरांनी त्याला थांबायला लावलं. पहाटे उठून ते गावातून फेरी मारायचे आणि ज्याला ज्याला त्या दिवशी जायचं असेल त्याच्या दारात हाक. “आगं कालेजवाली, ऊठ, पेपर हाय न्हवं आज?” “आवं पाटील, आज डोळं तपासायचं हाय तुमचं. चहा पिऊ नगा म्हणलंय डाक्टरनं.” कुणाला कधी कुठं जायचंय हे घरच्यांच्या आधी त्यांना ठाऊक. वडापवाला चिडून हॉर्न वाजवायचा. मास्तर बोनेटवर हात ठेवून उभे. “वाजीव, वाजीव. हॉर्न वाजवून म्हातारं पळतंय व्हय रं?”

आता दाखल्याचं सांगतो.

सरपंचांच्या मनात स्टँडजवळ दुकानांचे गाळे काढायचे होते. जागा ग्रामपंचायतीची, मध्ये फक्त ती खोली. मासिक सभेत खोली पाडायचं ठरलं. मास्तरांना कुणीतरी सांगितलं की तुम्ही गावचे रहिवासी असाल तर तुम्हाला असं उठवता येत नाही, आधी दुसरी सोय करावी लागते. खरं होतं ते. मास्तर दुसऱ्या दिवशी ऑफिसात आले, टेबलावर टक्. रहिवासी दाखल्याचा अर्ज पुढं ठेवला.

“भाऊसाहेब, एवढा द्या. न्हाईतर मी म्हंजी शेवटच्या थांब्याला उतरायचं इसरलेला पाशिंजर.”

मी म्हणालो, घरपट्टीची पावती आणा. रेशनकार्ड आणा. लाइटबिल आणा. मला माहीत होतं की यातलं काहीच त्यांच्याकडं नाही. रेशनकार्ड इस्लामपूरच्या एका भाड्याच्या खोलीवरचं होतं, आणि ती खोली कधीच पडली होती. मास्तर गेले आणि पुरावा म्हणून गल्लीतल्या बायकाच घेऊन आले. पुढं तानूआक्का, मागं आठ-दहा जणी.

“ह्या काय कागद हायत का?” मी वैतागून म्हणालो.

“न्हाईत. पर बोलत्यात,” मास्तर म्हणाले.

त्यांत शालन होती. तोंडाळ बाई. तिनं सरळ विचारलं, “मास्तर भायेरचं म्हणून दाखला न्हाई, आसंच न्हवं? मग आमी तरी कुठं हितल्या? माझं म्हायेर लोणंद. लगीन हून हितं आल्यापास्नं सासू मला ‘लोणंदची’ म्हंती. मला दिलाय न्हवं दाखला? आमी नांदायला आलो ते चालतं. त्यो बाप्या आपल्या मनानं नांदाय आला तर तुमच्या पोटात दुखतंय व्हय?”

बायका हसल्या. मी हसलो नाही. मास्तर म्हणाले, “देत नसाल तर तसं लेखी द्या.” मी दिलं. ते वाक्य मला पाठ आहे, कारण लिहिल्यावर मी स्वतःवरच खूष झालो होतो: ‘अर्जदार यांची सदर गावी केवळ वस्ती होती, वास्तव्य नव्हते.’

मास्तरांनी तो कागद गावभर वाचून दाखवला. भेटेल त्याला विचारायचे, “ह्या दोनात फरक काय रं?” पोरांना, गुरवाला, पोस्टमनला. राग नव्हता त्यात. खरंच कळून घ्यायचं होतं त्यांना. पोस्टमन म्हणाला, “वस्ती म्हंजी सकाळी जायचं आसतं ती.” मास्तर विचार करत म्हणाले, “मी जायचो की सकाळी. पर म्हागारी यायलाच जायचो.”

गावात सगळ्यांना वाटलं, भाऊसाहेब सरपंचांच्या दबावाखाली आहेत. मी तसं वाटू दिलं. दबाव होता, पण तो टाळता आला असता. खरं कारण दुसरं होतं, आणि ते तेव्हा माझ्या बायकोलाही मी सांगितलं नव्हतं.

ग्रामसेवकानं नेमणुकीच्या गावातच राहावं असा नियम आहे. त्यासाठी घरभाडं मिळतं आणि तो तिथं राहतो असा ग्रामसभेचा ठराव दरसाल जोडावा लागतो. माझं बिऱ्हाड साताऱ्याला. मुलगी तिथल्या कॉलेजात. मी मोटारसायकलवर जाऊन-येऊन करायचो. आमच्यातले पुष्कळ जण करतात, पण त्यानं माझं काही हलकं होत नाही. ठरावात राहण्याचं ठिकाण लिहावं लागतं. गावात ग्रामपंचायतीच्या मालकीची राहण्याजोगी खोली एकच होती. कागदावर मी त्या खोलीत राहत होतो. मास्तरांच्या. त्यांना दाखला दिला असता तर त्या एका खोलीत दोघं दिसलो असतो, आणि कुणीतरी विचारलं असतं, यातला खरा कोण.

ज्या गावात मी एक रात्र काढली नव्हती तिथला मी पक्का रहिवासी, आणि मास्तर वस्तीचे.

मास्तरांनी तालुक्याला अपील केलं. सुनावणीला वडाप भरून बायका आल्या. आतमध्ये गटविकास अधिकारी, एक तरुण मॅडम. चांगल्या होत्या, मास्तरांना आधी खुर्ची दिली. मास्तर बसले नाहीत, खुर्चीची पाठ धरून उभे राहिले.

“मूळचे कुठले तुम्ही?”

“इस्लामपूरचा.”

“म्हणजे जिल्हा सांगली.”

“व्हय. जलम सांगलीत, झोप साताऱ्यात.”

मॅडम हसल्या. “बरं, किती रात्री काढल्यात या गावात? अंदाजे तरी?”

“मोजल्या न्हाईत, मॅडम,” मास्तर म्हणाले. “घरातल्या झोपा कोण मोजतंय?”

मॅडमनी मान डोलवली. मला वाटलं, जिंकले मास्तर. पण मग त्यांनी फाईल उलटली. “पण ही खोली तर ग्रामसेवकांचं निवासस्थान आहे. ठराव आहे इथं.” त्यांनी माझ्याकडं पाहिलं. “तुम्ही राहता ना तिथं?”

मी म्हणालो, “होय, मॅडम.”

मॅडम मास्तरांकडं वळल्या. “हे राहतात का हो तिथं?”

दारात शालननं तोंड उघडलंच होतं. मास्तरांनी मागं न बघता हात वर केला, आणि ती गप्प झाली. एक ‘न्हाई’ म्हटलं असतं तर मास्तरांची खोली वाचली असती आणि माझी नोकरी धोक्यात आली असती. हे त्या ऑफिसातल्या प्रत्येकाला कळत होतं, मॅडमना सोडून.

“ऱ्हात्यात की,” मास्तर म्हणाले. “दिवसा ते, रातीला मी. डूटी लावल्यावानी.”

“मग खोली नक्की कोणाची?”

“तेंचीच म्हणायची. मी आपला कडंला.”

मॅडमनी लिहिलं: अर्जदाराचा मुक्काम ग्रामसेवकांच्या निवासस्थानी तात्पुरत्या स्वरूपाचा आहे, अपील फेटाळण्यात येते. मी तिथं उभा होतो.

बाहेर शालन कडाडली, “मास्तर, तोंडात काय तंबाकू धरली हुती? खरं बोलायला काय झालं हुतं?”

“वडापवाला खोळंबलाय,” मास्तर म्हणाले. “बसा बसा, ऊन व्हायच्या आत चला.”

वडापमध्ये जागा उरली नाही, की त्यांनीच ती उरू दिली नाही, मला माहीत नाही. ते माझ्या मोटारसायकलवर मागं बसले. घाट लागला. मग मी विचारलं, “का केलंत मास्तर?”

वाऱ्यामुळं त्यांना माझ्या कानाशी यावं लागलं. “मी जलमभर फुकटं पाशिंजर धरलं, भाऊसाहेब. पर भरल्या गाडीत कुणाची आब्रू काडली न्हाई. कानात सांगायचो, बाबा, म्होरल्या थांब्याला उतर. माणूस शाना आसला की उतरतो.” थोड्या वेळानं खांद्यावर थाप मारून म्हणाले, “वळनाला हळू घ्या. पोरगी बारावीला हाय न्हवं तुमची?”

पुन्हा त्यांनी हा विषय कधी काढला नाही. मला उतरायला वेळ लागला. पुढचा थांबा येत होता, जात होता. खोली रिकामी करायची नोटीस मीच टाइप केली, मीच सही केली, शिपायाकरवी दारावर चिकटवली. मास्तरांनी शिपायाला चहा पाजला. लोणंदला निरोप गेला. मुलगी न्यायला येणार म्हणून ठरलं.

त्या आठवड्यात एक दिवस मी नेहमीपेक्षा लवकर गावात पोचलो. उजाडत होतं. मास्तर वडापवाल्याला घेऊन गल्लीतून फिरत होते. त्याला एकेक घर दाखवत होते. “ह्या घराला जोरात हाक मारू नगं, बाळंतीण हाय. हितं म्हातारं बहिरं हाय, कडी वाजवायची. आन् ही तानूआक्का. हिला कुठं जायाचं नसतं, पर हाक मारायची. न्हाईतर तिला वाटतं, दिवस उगावलाच न्हाई.” वडापवाला मान खाली घालून ऐकत होता. मास्तर चार्ज देत होते.

मी ऑफिस उघडलंच नाही. मोटारसायकल वळवली आणि तालुक्याला गेलो. मॅडम यायच्या होत्या. बाकावर बसून राहिलो. आल्यावर त्यांच्या पुढं अर्ज ठेवला. सदर खोलीत मी एकही दिवस राहिलेलो नाही, तिथं अर्जदारच राहतात, सुनावणीत मी खोटं बोललो. त्यांनी तो दोनदा वाचला.

“भाऊसाहेब, परत घ्यायचा असेल तर आत्ता घ्या. आवक झाली की माझ्या हातात राहणार नाही.”

“नको मॅडम.”

“चौकशी लागेल.”

“लागू दे.”

लागली. वेतनवाढ थांबली, घरभाडं वसूल झालं, साताऱ्याला घरात बरेच दिवस ताट माझ्या पुढं आपटून यायचं. ते असो. मास्तरांचा नवा अर्ज घेतला, बायकांना पंच केलं, जागेची पाहणी केली. ती मी दारातूनच केली. उंबऱ्याच्या आत जायचं धाडस झालं नाही. सरपंच भडकले. “गाळ्यांचं वाटोळं केलंत तुमी!” त्यांची आई आतून ओरडली, “गप बस की रं! माजं दात कुनी आणलं हुतं? तू?” गाळे पुढं रस्त्यापलीकडं झाले.

दाखला घेऊन मी गेलो तेव्हा मुलगी येऊन बसली होती, बांधलेल्या ट्रंकेवर. तिनं माझ्याकडं पाहिलं ते मी विसरत नाही. मास्तरांनी कागद हातभर लांब धरला आणि सावकाश वाचला, शिक्क्यातल्या अक्षरांसकट. ‘कायम वास्तव्य’ या शब्दांवर बोट थांबलं, मग पुढं सरकलं. वाचून झाल्यावर कागद उलटा करून मागची बाजूही पाहिली.

“ह्यात तुमचं नाव कुठं न्हाई?”

“नाही मास्तर. मी इथं राहत नाही असं लिहून दिलं.”

मला वाटलं होतं ते काहीतरी म्हणतील, शाबास म्हणतील, नाहीतर रागावतील तरी. त्यांच्या चेहऱ्यावर एकदम काळजी आली.

“मग आता तुमी कुठं ऱ्हानार? गावात ऱ्हायला लागतंय न्हवं तुमास्नी?”

“बघतो. मिळेल कुठं खोली.”

“खोली कशाला बगताय?” त्यांनी मुलीला उठवलं, ट्रंक पायानं भिंतीकडं ढकलली. “ऊठ गं, ऊठ. जागा हाय की. दोघांच्या सीटवर चौघं बशिवलीत म्या. सरकून घिऊ.”

मी चपला काढल्या. कागदावर इतकी वर्षं ज्या खोलीत राहत होतो, तिच्यात पहिल्यांदा आत गेलो.